दादासाहेब फाळके : युक्ती आणि दर्शन

धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांचे नाव चित्रपटाच्या इतिहासात आरंभीच येते. मराठी वाङ्मयाच्या इतिहासात मात्र ते अभावानेच आढळते. चित्रपटाचे इतिहासकार त्यांना जनकत्वाचा मान देऊन पुढे जातात. आधुनिक समीक्षक त्यांच्या पौराणिक चित्रपटांकडे भाबड्या श्रद्धेचे भांडवल करणारी करमणूक म्हणून पाहतात. या दोन्ही दृष्टींत एक गोष्ट निसटते. देव पडद्यावर कसा आणावा, हा प्रश्न फाळके यांच्यापुढे तांत्रिक होता, व्यावसायिक होता आणि चिंतनाचाही होता. त्यांच्या आयुष्याची घडणच या तिहेरी प्रश्नाकडे नेणारी होती.

त्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील दाजीशास्त्री संस्कृतचे व्युत्पन्न पंडित. ज्योतिर्लिंगाच्या या क्षेत्रात पूजा, पुराण, कीर्तन हा नित्याचा व्यवहार होता. वडिलांना मुंबईच्या विल्सन महाविद्यालयात अध्यापनाचे काम मिळाल्यावर कुटुंब मुंबईस आले आणि १८८५ मध्ये धुंडिराज जे. जे. कलाशाळेत दाखल झाले. पुढे बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला, छायाचित्रण आणि मुद्रणाच्या विविध प्रक्रिया आत्मसात केल्या. गोध्रा येथे छायाचित्रणाचा व्यवसाय सुरू केला, पण प्लेगच्या साथीत पत्नी व मूल दगावले. १९०२ मध्ये त्यांनी दुसरा विवाह केला. या द्वितीय पत्नी सरस्वतीबाई त्यांच्या सर्व उद्योगांत सहभागी झाल्या. याच काळात ते जादूचे प्रयोगही शिकले आणि आपल्या आडनावाची अक्षरे उलटी करून प्रोफेसर केळफा या नावाने ते प्रयोग करू लागले. चरित्रकार हा तपशील गंमत म्हणून नोंदवतात. वस्तुतः तो गंमतीपुरता नाही, हे पुढे दिसेल.

पुराणवस्तू खात्यातील नोकरी त्यांनी स्वदेशीच्या चळवळीच्या दिवसांत सोडली आणि लोणावळ्यास मुद्रणाचा व्यवसाय सुरू केला. राजा रविवर्मा यांच्या चित्रांच्या शिळाप्रेसशी त्यांचा संबंध आला तो येथे. या रंगीत चित्रांमुळे लक्ष्मी, सरस्वती, श्रीकृष्ण देवळाबाहेर पडून सामान्यांच्या भिंतीवर आले होते. छापलेल्या देवालाही हळदकुंकू वाहिले जाते, यंत्रातून निघालेली प्रतिमा पूज्य ठरू शकते, ही गोष्ट फाळके यांनी चित्रपटाच्या कितीतरी आधी छापखान्यात पाहिली होती. १९०९ मध्ये ते जर्मनीस जाऊन रंगमुद्रणाचे अद्ययावत ज्ञान घेऊन आले; तथापि भागीदारांशी मतभेद होऊन त्यांनी छापखाना सोडला.

१९१०-११ च्या सुमारास गिरगावात त्यांनी ख्रिस्तचरित्रावरील चित्रपट पाहिला. या अनुभवाविषयी त्यांनी १९१७-१८ मध्ये ‘नवयुग’ मासिकातील आपल्या लेखमालेत लिहिले आहे. पडद्यावर ख्रिस्त दिसत असता त्यांच्या मनःचक्षूंपुढे राम आणि कृष्ण, अयोध्या आणि गोकुळ उभे राहत होते. परधर्मातील देवपुरुषाच्या कथेने त्यांच्या श्रद्धेला धक्का बसला नाही की वैरभाव जागा झाला नाही. त्यांना दिसली ती एक रिकामी जागा. ती भरण्यासाठी त्यांनी विम्याची पॉलिसी गहाण टाकली, १९१२ मध्ये लंडन गाठले, सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत निर्मितीची प्रक्रिया पाहिली आणि विल्यमसन कॅमेरा घेऊन ते परतले. त्यांनी प्रथम चित्रित केली ती वाटाण्याच्या अंकुराची वाढ. प्रत्यक्षात डोळ्यांना न दिसणारी गोष्ट यंत्र दाखवू शकते, हेच या छोट्या चित्रपटाने सिद्ध केले.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी कॉरोनेशनमध्ये प्रदर्शित झाला. स्त्रिया काम करण्यास तयार नसल्याने ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहातील आचारी साळुंके यांना तारामती करण्यात आले. कच्ची फिल्म छिद्रांकित करण्यापासून सर्व मंडळींच्या जेवणापर्यंतची कामे सरस्वतीबाईंनी उचलली. चित्रपट म्हणजे काय हे कोणास ठाऊक नसल्याने, आपण हरिश्चंद्राच्या कारखान्यात कामाला आहोत असे नटांनी घरी सांगावे, अशी सूचना फाळके यांनी केल्याचे सांगतात. सत्त्वशील राजाची पुराणकथा आणि ‘कारखाना’ हा शब्द एकत्र यावेत, यात त्या काळाचे चित्र नेमके उमटले आहे. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई यांनी भूमिका केल्या. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये साळुंके हेच राम आणि हेच सीता. पडद्यावर राम येताच प्रेक्षक हात जोडत, साष्टांग नमस्कार घालीत, अशा आठवणी नोंदल्या गेल्या आहेत. हा नमस्कार फसलेल्या अज्ञ जनांचा होता, असे मानण्याचा मोह सुशिक्षितांना होतो.

हा मोह दूर करणारा पुरावा ‘कालियामर्दन’ या १९१९ च्या चित्रपटात आहे. कृष्णाची भूमिका फाळके यांची सुमारे सात वर्षांची कन्या मंदाकिनी हिने केली. चित्रपटाच्या प्रारंभी कथा नाही. प्रथम या मुलीचा चेहरा दिसतो आणि ती निरनिराळे भाव मुद्रेवर आणून दाखवते. त्यानंतर तीच बालकृष्ण होते. म्हणजे दिग्दर्शक आधीच सांगून टाकतो की ही एक मुलगी आहे, हा अभिनय आहे. तरीही पुढे डोहात कालियाशी झुंजणारा कृष्ण कृष्णच राहतो. जादूगाराने हात मोकळे करून दाखवावेत आणि मग खेळ करावा, तशी ही रीत आहे. दशावतारी नाटकात किंवा रामलीलेत सोंग घेणारा गावातलाच असतो, हे प्रेक्षकाला ठाऊक असते. त्या जाणिवेने भक्ती उणावत नाही. फाळके यांनी ही जुनी समजूत यंत्रयुगात आणली. चित्रपट कसे तयार होतात हे दाखवणारा लघुपटही त्यांनी काढला होता. युक्ती लपवली तरच श्रद्धा टिकेल, असे त्यांना कधीच वाटले नाही.

‘नवयुग’मधील लेखनात या भूमिकेची व्यावहारिक बाजूही स्पष्ट आहे. पौराणिक विषय भारतभर परिचित असल्याने ते सर्व थरांतील लोकांपर्यंत पोहोचतात, हा हिशेब ते निःसंकोचपणे मांडतात. त्याचबरोबर भांडवल, मालकी, कामगार आणि कथा ही सारी येथलीच असल्याने आपले चित्रपट स्वदेशी आहेत, असेही प्रतिपादन करतात. भक्त आणि व्यापारी यांचे हे एकत्र नांदणे त्यांना विसंगत वाटले नाही. भागीदारांना मात्र हिशेब तेवढा कळला. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीत अल्पावधीतच मतभेद झाले. फाळके काशीस निघून गेले आणि तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ हे समकालीन नाट्यव्यवसायावर टीका करणारे नाटक लिहिले. नाटक म्हणून ते पसरट आहे. परंतु दृश्यकलेचा एक कारागीर मराठी रंगभूमीचा व्यवहार कोणत्या नजरेने पाहत होता, याचा दस्तऐवज म्हणून त्याचे मोल नाकारता येणार नाही. १९२२ मध्ये ते कंपनीत परतले आणि चित्रपट करीत राहिले, पण पूर्वीचे स्वातंत्र्य राहिले नव्हते.

बोलपटाने हे गणित बदलले. प्रभातचा ‘संत तुकाराम’ १९३६ मध्ये आला आणि फाळके यांचा एकमेव बोलपट ‘गंगावतरण’ १९३७ मध्ये, कोल्हापूर सिनेटोनसाठी. प्रभातच्या चित्रपटातही चमत्कार आहेत, परंतु ते जिजाईच्या चुलीशी, तिच्या त्राग्याशी बांधलेले आहेत. तिच्या बोलण्यामुळे चमत्काराला घर मिळते. फाळके यांचे देव मूकपणातच अधिक बोलत असत. त्यांना संवाद देण्याची वेळ आली तेव्हा फाळके यांची शैली अवघडली. यात वयाचा भाग होता, तसाच कलादृष्टीचाही.

‘गंगावतरण’नंतर त्यांनी चित्रपट केला नाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचे निधन झाले. शेवटची वर्षे त्यांनी विपन्नावस्थेत आणि जवळजवळ विस्मृतीत काढली. त्यांच्या चित्रपटांपैकी फारच थोडे आज उपलब्ध आहेत. ‘राजा हरिश्चंद्र’चे जे भाग राहिले, तेही १९१७ च्या पुनर्चित्रणातील असावेत असे काही अभ्यासक मानतात. ‘कालियामर्दन’ बव्हंशी शाबूत आहे, आणि त्याच्या आरंभी मंदाकिनी अजूनही कृष्ण होण्यापूर्वी एकेक मुद्रा करून दाखवते.