एकट्याची तबकडी

आपल्या बुलढाण्याप्रमाणें घाटमाथ्यावर वसलेलें, पण त्याहून बरेंच उंच असें पांचगणी हें सातारा जिल्ह्यांतील थंड हवेचें ठिकाण आहे. तेथील सेंट पीटर्स शाळेच्या वसतिगृहांत १९५५ च्या सुमारास आठ वर्षांचा एक पारशी मुलगा येऊन दाखल झाला. त्याचें नांव फरोख बुलसारा. पुढें सर्व जग त्यास फ्रेडी मर्क्युरी या नांवानें ओळखूं लागलें.

फरोखचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ रोजीं आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्याजवळील झांजिबार बेटावर झाला. वडील बोमी हे तेथें इंग्रज सरकारच्या नोकरींत रोखपाल होते. मूळ घराणें गुजराथेंतील. मुलास उत्तम शिक्षण मिळावें म्हणून आईबापांनीं त्यास आगबोटीनें समुद्रापार पाठविलें. ज्या वयांत मुलें आईच्या हातचा घांस खातात, त्या वयांत हा मुलगा हजारों मैलांवर वसतिगृहांत निजत असे. सुट्टींतही पुष्कळदां घर गांठणें शक्य नसे. मग मुंबईस नातेवाइकांकडे राहावें लागे. हें वाचून पालकांना काय वाटेल तें सांगावयास नको.

शाळेंत तो मुष्टियुद्ध खेळे, टेबल टेनिस खेळे. पण खरी गोडी पियानोची. बाराव्या वर्षीं चौघां सोबत्यांसह त्यानें ‘हेक्टिक्स’ नांवाचा वाद्यमेळा उभारला. गंमत अशी कीं, त्यांत मुख्य गायकाचें काम दुसऱ्या मुलाकडे होतें. फरोख पियानोवर बसे.

१९६३ च्या सुमारास तो झांजिबारला परतला. पुढल्याच वर्षीं तेथें राज्यक्रांति झाली व बुलसारा कुटुंबास घरदार सोडून इंग्लंडचा आसरा घ्यावा लागला. लंडनांत चित्रकलेचें शिक्षण घेत असतां त्यास रॉक संगीताचा छंद जडला. १९७० सालीं ब्रायन मे व रॉजर टेलर यांच्यासह त्यानें ‘क्वीन’ हा मेळा स्थापिला. जॉन डीकन वर्षभरानें येऊन मिळाला. मेळ्याचें नांव फ्रेडीनेंच सुचविलें, बोधचिन्हही त्यानेंच रेखाटलें. १९७५ सालचें त्याचें ‘बोहेमियन रॅप्सोडी’ हें गाणें जवळजवळ सहा मिनिटांचें. तरीही इंग्लंडांत तें नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलें.

मेळ्याचा मुख्य गायक स्वतंत्रपणें गाऊं लागला म्हणजे लोक कुजबुजूं लागतात. आपल्याकडेही बालगंधर्व १९१३ सालीं किर्लोस्कर मंडळींतून बाहेर पडले तेव्हां थोडी का चर्चा झाली! फ्रेडीनें मात्र सोबत्यांशीं संबंध तोडला नाहीं. १९८५ सालीं ‘मिस्टर बॅड गाय’ हा गीतसंग्रह त्यानें एकट्याच्या नांवें काढला आणि तो चक्क आपल्या मांजरांस अर्पण केला! त्याच संग्रहांतील ‘लिव्हिंग ऑन माय ओन’, म्हणजे एकट्यानें जगणें, हें गाणें त्या वर्षीं स्वतंत्र तबकडीवर निघालें. त्याचें चित्रण म्यूनिक येथें त्याच्या ३९ व्या वाढदिवसाच्या मेजवानींत झालें. गाणें एकटेपणाचें आणि भोंवतीं पाहुण्यांची गर्दी!

परंतु तबकडी चालली नाहीं. इंग्लंडच्या यादींत ती ५० व्या क्रमांकाच्या वर चढूं शकली नाहीं. त्याच वर्षीं १३ जुलै रोजीं आफ्रिकेंतील दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठीं वेंब्ले येथें झालेल्या जलशांत, सोबत्यांच्या मध्यें उभ्या असलेल्या ह्याच गायकानें सुमारें वीस मिनिटांत सत्तर हजारांवर श्रोते जिंकले होते. ज्याचा आवाज एवढा मोठा, त्याला एकट्यानें गातांना कोणी फारसें ऐकूं नये, हें मला तरी चमत्कारिक वाटतें. पुढें १९८७ सालीं एका जुन्या गाण्याची त्याची तबकडी चौथ्या क्रमांकापर्यंत गेली. पहिला क्रमांक दूरच राहिला.

एड्स या रोगानें त्यास ग्रासलें होतें. त्या काळीं त्यावर परिणामकारक औषध नव्हतें. आपला आजार त्यानें २३ नोव्हेंबर १९९१ रोजीं जाहीर केला आणि दुसऱ्याच दिवशीं लंडन येथें वयाच्या ४५ व्या वर्षीं प्राण सोडला. अंत्यविधि पारशी धर्माप्रमाणें झाला.

१९९३ सालीं तीच पडलेली तबकडी नव्या तालाची जोड देऊन पुन्हां काढण्यांत आली आणि इंग्लंडांत दोन आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिली. एकट्याच्या नांवावर त्यास तेथें मिळालेला हा एकच पहिला क्रमांक. तो पाहण्यास तो मात्र नव्हता. पुढें १९९५ सालीं ‘क्वीन’मधील उरलेल्या तिघां सोबत्यांनीं ‘मिस्टर बॅड गाय’मधील दोन गाणीं निवडलीं, त्याचा आवाज तसाच ठेवला आणि त्याखालीं आपलीं वाद्यें नव्यानें वाजविलीं.