भांडाराचे कुलूप उघडणारी परिचारिका

हातात दिवा घेऊन रात्री जखमी सैनिकांच्या खाटांमधून फिरणारी परिचारिका, ही फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांची सर्वांना ठाऊक असलेली ओळख. प्रत्यक्षात त्यांचा बराच वेळ सदरे, चादरी, साबण आणि घासण्याचे ब्रश यांच्या हिशेबात जात असे.

१२ मे १८२० रोजी इटलीतील फ्लॉरेन्स शहरात एका सधन इंग्रज कुटुंबात त्यांचा जन्म झाला. गणिताची त्यांना आवड होती. घरच्यांचा विरोध पत्करून त्या रुग्णसेवा शिकल्या. क्रिमियाच्या युद्धात जखमींच्या हालअपेष्टांच्या बातम्या लंडनला पोहोचल्या, तेव्हा मंत्री सिडनी हर्बर्ट यांनी त्यांनाच पाचारण केले. नोव्हेंबर १८५४ मध्ये ३८ परिचारिकांसह त्या तुर्कस्तानातील स्कुटारीच्या लष्करी रुग्णालयात दाखल झाल्या.

तिथे रुग्णांना घालायला स्वच्छ सदरा नव्हता आणि जेवायला चमचाही नव्हता. नियमानुसार सैनिकाने या वस्तू स्वतःच्या पाठपिशवीतून आणायच्या होत्या, पण पिशव्या रणभूमीवरच राहिल्या होत्या. नियमात नाही म्हणून भांडारातून वस्तू मिळत नसत. माल आला तरी समितीने तपासून पसंत केल्याशिवाय तो वाटता येत नसे. त्यातच १४ नोव्हेंबरच्या वादळात हिवाळ्याचे कपडे घेऊन आलेले ‘प्रिन्स’ हे जहाज बालाक्लाव्हाजवळ बुडाले.

नाइटिंगेल यांनी स्वतःचे वेगळे भांडार उभे केले. ‘द टाइम्स’ वृत्तपत्राने गोळा केलेला निधी हाताशी होता. काही पैसे त्यांनी पदरचेही घातले. जवळच्या बाजारपेठेतून खरेदी सुरू झाली. मात्र डॉक्टरांच्या लेखी मागणीशिवाय त्या काही देत नसत, आणि दिलेल्या वस्तूची नोंद ठेवत. त्यामुळे काय कमी पडते आणि का, हे कागदावर आले. सरकारी खात्याला त्यांनी आकड्यांनी उत्तर दिले.

तरीही मृत्यू थांबले नाहीत. फेब्रुवारी १८५५ मध्ये स्कुटारीत मृत्यूचे प्रमाण शेकडा ४२ पर्यंत गेले. इमारतीखालची गटारे तुंबली होती. मार्चमध्ये आलेल्या स्वच्छता आयोगाने ती साफ करवली, पाणी आणि हवा खेळती केली, तेव्हा मृत्युदर झपाट्याने उतरला. चादर, साबण आणि औषध वेळेवर मिळायलाच हवे. पण सांडपाणी तुंबलेले असेल तर भरलेले कोठारही रुग्णाला वाचवू शकत नाही. हा धडा नाइटिंगेल यांनी मायदेशी परतून आकडेवारी तपासल्यावर मान्य केला आणि पुढचे आयुष्य त्यासाठी वेचले.

१८५७ मध्ये नेमलेल्या शाही आयोगासाठी त्यांनी लष्करी रुग्णालयांच्या कारभाराची चिरफाड केली. पुरवठ्याचा अधिकार कोणाचा, जबाबदारी कोणाची, हे स्पष्ट असावे असा त्यांचा आग्रह होता. पुढे भारतातील आरोग्याचा प्रश्नही त्यांनी हाती घेतला. गावांच्या स्वच्छतेविषयी पुण्याच्या सार्वजनिक सभेशी त्यांचा पत्रव्यवहार होता.

१३ ऑगस्ट १९१० रोजी, वयाच्या ९०व्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यांचा दिवा आजही चित्रांत दिसतो. त्यांची नोंदवही मात्र रुग्णालयाच्या प्रत्येक भांडारात हवी: काय मागितले, कधी मिळाले, आणि उशीर झाला तर कोणामुळे.