ईस्टर मनन: पंडिता रमाबाई आणि रिकामी कबर

आजचे वाचन: योहान २०:१-१८ आणि १ करिंथ १५:२०-५८



आज पहाटे अवसरी खुर्दला, हॉस्टेलच्या गच्चीवर बसून योहानाचा विसावा अध्याय वाचला. सुट्टीमुळे अर्धी मुलं घरी गेलीत. मी परीक्षेचं कारण सांगून थांबलो. खरं सांगू? घरी जायला मनच धजत नव्हतं. आजी गेल्यानंतरचा हा आमचा पहिला ईस्टर. पहाटेच्या उपासनेसाठी दरवर्षी तीच सगळ्यांना उठवायची. प्रभु उठला आहे, असं आपण आज एकमेकांना आनंदाने सांगतो. पण घरातली एक जागा रिकामी असताना ते म्हणणं सोपं नसतं.

तुमच्यापैकीही कुणाचं या वर्षी असं झालं असेल. म्हणून आजच्या मननासाठी मी एका बाईंचं आयुष्य निवडलंय. त्यांनी आपली जवळजवळ सगळी माणसं एकामागून एक पोचवली, आणि तरीही पुनरुत्थानावर विश्वास ठेवला. आपल्याच पुणे जिल्ह्यातल्या, केडगावच्या पंडिता रमाबाई.

आधी आजच्या वाचनाकडे पाहू. मग्दालिया मरीया अंधार असतानाच कबरेकडे जाते. ती चमत्कार बघायला गेलेली नाही. तिला एका मृत देहाजवळ जायचं आहे. कबर रिकामी दिसते तेव्हाही तिला आनंद होत नाही, ती रडते. तिचा प्रश्न एकच, माझ्या प्रभूचं शरीर कुठे ठेवलंय? मित्रांनो, ईस्टरची सुरुवात गाण्याने झाली नाही. ती झाली एका बाईच्या रडण्याने.

रमाबाईंना हे रडणं लहान वयातच कळलं. त्यांचा जन्म २३ एप्रिल १८५८ चा, पश्चिम घाटातल्या गंगामूळच्या रानातला. वडील अनंतशास्त्री डोंगरे मोठे विद्वान. बायकांनी संस्कृत शिकू नये असं मानणाऱ्या काळात त्यांनी आपल्या पत्नीला, लक्ष्मीबाईंना, संस्कृत शिकवलं, आणि आईने ते रमाला दिलं. हे कुटुंब तीर्थामागून तीर्थ फिरत पुराणं सांगायचं आणि मिळेल त्या दक्षिणेवर जगायचं. मग दुष्काळ आला. होतं नव्हतं ते संपलं. म्हाताऱ्या, आंधळ्या झालेल्या वडिलांनी १८७४ मध्ये प्राण सोडला. थोड्याच दिवसांत आई गेली आणि त्यानंतर थोरली बहीण.

आईच्या वेळी खांदा द्यायला माणसं मिळेनात. शेवटी दोन ब्राह्मणांना दया आली. ते दोघं, भाऊ श्रीनिवास आणि चौथी रमा. स्मशान दूर होतं. रमा ठेंगणी असल्यामुळे तिरडी खांद्यावर घेता येईना, म्हणून तिने आपल्या वाट्याचं ओझं डोक्यावर घेतलं. सोळा वर्षांची उपाशी मुलगी, आणि डोक्यावर आईचा देह. मरीया कबरेकडे चालते ते वाचलं की मला आता हीच मुलगी दिसते.

पुढे बहीण-भाऊ हजारो मैल पायी फिरले. १८७८ मध्ये कलकत्त्याला पोचले. तिथल्या पंडितांनी रमाबाईंची विद्या पाहून त्यांना 'पंडिता' आणि 'सरस्वती' या पदव्या दिल्या. पण १८८० मध्ये श्रीनिवासही गेला. त्याच वर्षी त्यांनी बिपिनबिहारी मेधावी या बंगाली वकिलाशी जातीबाहेर लग्न केलं. १८८२ च्या सुरुवातीला कॉलऱ्याने तेही गेले. मुलगी मनोरमा तेव्हा वर्षाचीही झाली नव्हती, आणि रमाबाईंना स्वतःला चोवीस पूर्ण व्हायचे होते.

त्या पुण्यात आल्या, आर्य महिला समाज सुरू केला आणि १८८३ मध्ये इंग्लंडला गेल्या. तिथे वाँटेज इथे २९ सप्टेंबर १८८३ रोजी त्यांनी मनोरमेसह बाप्तिस्मा घेतला.

गोष्ट इथे संपली असं आपल्याला वाटतं, नाही का? बाप्तिस्मा झाला, म्हणजे सगळं मिळालं. पण रमाबाईंचे प्रश्न संपले नव्हते. त्रैक्य म्हणजे काय, ख्रिस्ताचं देवपण कसं समजायचं, यावरून त्या आपल्या इंग्रज शिक्षिकांशी पत्रांतून वाद घालत राहिल्या. पटल्याशिवाय कुठलीही गोष्ट मान्य करणं त्यांना जमायचं नाही. १८८९ मध्ये मुंबईत त्यांनी विधवांसाठी शारदा सदन काढलं, पुढच्या वर्षी ते पुण्यात आणलं. बाप्तिस्म्यानंतर जवळजवळ आठ वर्षांनी त्यांच्या लक्षात आलं, की आपल्याला ख्रिस्ती धर्म मिळाला, पण ख्रिस्त अजून भेटायचाच आहे. मग त्यांनी आहे तसं स्वतःला त्याच्या स्वाधीन केलं.

हे वाचून मला फार धीर आला. मरीयेचंही तेच झालं ना? उठलेला प्रभु तिच्या पुढ्यात उभा होता, आणि तिला तो बागेचा माळी वाटला! प्रभु रागावला नाही. तिच्या रडक्या डोळ्यांना त्याने दोष दिला नाही. त्याने तिला फक्त नावाने हाक मारली. तुझ्या मनात शंका असतील, तर त्यामुळे तू प्रभूपासून लांब आहेस असं समजू नकोस. कदाचित तो समोरच उभा असेल.

आता मुख्य गोष्ट. पुनरुत्थान म्हणजे आत्मा अमर आहे, एवढंच नाही. अमर आत्म्याबद्दल रमाबाईंनी लहानपणापासून पुष्कळ ऐकलं होतं. शुभवर्तमान सांगतं की येशू शरीराने उठला, हातापायांवर जखमांच्या खुणा घेऊन उठला. म्हणजे देवाने शरीर टाकून दिलं नाही. उपाशी मेलेलं, कुणी खांदा न दिलेलं शरीरसुद्धा देवाला मोलाचं आहे.

रमाबाईंच्या पुढच्या आयुष्यात हा विश्वास कामातून दिसतो. १८९६-९७ च्या दुष्काळात त्या मध्य प्रांतात गेल्या. तिथल्या मुलींमध्ये त्यांना आपलंच बालपण दिसलं. हाडांचे सापळे झालेल्या शेकडो मुली आणि विधवा त्यांनी आणल्या. केडगावला घेतलेल्या जमिनीवर 'मुक्ती' उभं राहिलं. १९०० च्या दुष्काळानंतर तिथली संख्या दोन हजारांच्या आसपास गेली. त्या मुलींना आधी अंघोळ, औषध आणि जेवण, मग अक्षरं, शेती, विणकाम, छापखाना. मनोरमा मोठी होऊन आईच्या मदतीला आली आणि तिने अंध मुलींना ब्रेल शिकवलं. जे शरीर देव उठवणार आहे, ते आज उपाशी कसं ठेवायचं?

आणि मग सगळ्यात कठीण दिवस आला. जुलै १९२१ मध्ये मनोरमा मिरजेला वारली. आपल्यामागे मुक्तीचं काम हीच बघेल, असं ज्या लेकीबद्दल वाटत होतं, तीच आधी गेली. रमाबाई थकल्या होत्या, कानांनी नीट ऐकू येत नव्हतं. त्यांच्या टेबलावर एक काम अर्धं होतं. साध्या बायकांनाही वाचता येईल अशा सोप्या मराठीत बायबल आणायचं म्हणून त्या हिब्रू आणि ग्रीक शिकल्या होत्या आणि पंधराहून अधिक वर्षं भाषांतर करत होत्या. मुक्तीच्या छापखान्यात मुलीच खिळे जुळवायच्या. लेक गेल्यावरही त्यांनी ते काम सोडलं नाही.

५ एप्रिल १९२२ ला रमाबाई प्रभूकडे गेल्या. त्या वर्षी ईस्टर १६ एप्रिलला होता. म्हणजे त्या ईस्टरला केडगावात त्यांची कबर जेमतेम अकरा दिवसांची होती! ज्यांना त्यांनी मरणाच्या दारातून आणलं होतं, त्या मुलींनी त्या सकाळी प्रभु उठला आहे हे कसं म्हटलं असेल? रडत म्हटलं असेल, असं मला वाटतं. मरीयाही रडतच होती. रमाबाईंचं बायबल १९२४ मध्ये छापून आलं. मुक्ती मिशन आजही केडगावला काम करतंय.

पौल करिंथकरांना पुनरुत्थानाबद्दल एवढा मोठा अध्याय लिहितो आणि शेवटी काय सांगतो? वचन ५८ काढून बघा. तो त्यांना आकाशाकडे बघत बसायला सांगत नाही. कामाला लागा म्हणतो, कारण प्रभूमध्ये केलेले श्रम फुकट जात नाहीत. रमाबाईंचे गेले नाहीत. माझ्या आजीचं पहाटे उठवणंही गेलं नाही. आज गजर न लावता मला चारला जाग आली.

हे लिहून झालं की मी घरी फोन करणार आहे. पुढच्या रविवारी जाणारही आहे.

आज एवढं करूया: जे माणूस आता नाही, त्याचं नाव घेऊन देवाचे आभार माना. आणि जे आहे, पण उपाशी, आजारी किंवा एकटं आहे, त्याच्याकडे आजच जा.

प्रार्थना: हे उठलेल्या प्रभु, आम्ही अंधारात आणि रडत तुझ्याकडे येतो. आम्ही तुला ओळखलं नाही तरी तू आम्हाला नावाने हाक मार. आमची गेलेली माणसं तुझ्या हातात सुखरूप आहेत, हा विश्वास दे. आणि उरलेल्या दिवसांत आमच्या हातांना तुझं काम दे. येशूच्या नावाने मागतो. आमेन.