'केसरी'चे पहिले संपादक

आगरकरांचे नाव निघाले की 'सुधारक' पत्र डोळ्यांपुढे उभे राहते. परंतु संपादक या नात्याने त्यांची पहिली कसोटी लागली ती 'केसरी'त, आणि त्या प्रसंगी चूक त्यांच्या पत्राचीच होती, हे आम्हांस प्रथम सांगितले पाहिजे.

कऱ्हाडजवळील टेंभू गावी १८५६ साली गोपाळरावांचा जन्म झाला. अत्यंत गरिबीत त्यांनी शिक्षण पुरे केले. मोठ्या पगाराची नोकरी मिळण्याजोगी असता ते चिपळूणकर व टिळक यांच्या न्यू इंग्लिश स्कुलात शिक्षक झाले. जानेवारी १८८१ मध्ये 'केसरी' निघाला व त्याचे संपादकत्व त्यांच्याकडे आले.

कोल्हापूरच्या तरुण महाराजांचा छळ होत आहे, अशी वार्ता तेव्हा सर्वत्र पसरली होती. कारभारी माधवराव बर्वे यांच्या नावाची काही पत्रे पुढे आली. त्यांवर विसंबून 'केसरी' व 'मराठा' या पत्रांनी बर्व्यांवर कडक टीका केली. महाराजांविषयीची कळकळ खरी होती. पत्रे मात्र बनावट ठरली! छापण्यापूर्वी ती पारखून घेतली गेली नव्हती. संपादकांनी माफी मागितली, पण खटला टळला नाही. १८८२ साली टिळक व आगरकर यांस चार महिन्यांची शिक्षा होऊन ते डोंगरीच्या तुरुंगात १०१ दिवस राहिले. तेथील हकिकत आगरकरांनी पुढे पुस्तकरूपाने लिहिली. सुटकेच्या वेळी लोकांनी त्यांचा मोठा जयजयकार केला. ज्या गृहस्थाची नाहक बदनामी झाली, त्याची आठवण त्या गर्दीत कितीजणांस झाली असेल?

पुढे सामाजिक सुधारणेवरून सहकाऱ्यांशी मतभेद वाढले. आपल्याच पत्रात आपले मत लिहिता येईना, तेव्हा १८८७ साली त्यांनी 'केसरी' सोडला व पुढल्याच वर्षी 'सुधारक' काढला. त्याची इंग्रजी बाजू गोखले सांभाळीत. बालविवाह, विधवांचे केशवपन, स्त्रीशिक्षण यांविषयी वाचकांस जे ऐकावयाचे नव्हते, तेच ते लिहीत गेले. विरोधकांनी त्यांची जिवंतपणी प्रेतयात्रा काढली. लेखणी मात्र नरमली नाही. वाचकांची मर्जी सांभाळण्याचा मोह त्या काळच्या पत्रांसही होताच. आगरकरांनी तो कटाक्षाने टाळला.

१८९२ साली ते फर्गसन कॉलेजाचे प्राचार्य झाले. दम्याने शरीर पोखरले होते. १७ जून १८९५ रोजी, वयाच्या अवघ्या अडतिसाव्या वर्षी, त्यांचे निधन झाले. त्यांच्यावरील मृत्युलेख 'केसरी'त टिळकांनीच लिहिला.