परीक्षण आधी, नाटक नंतर

कॉलेजची एकांकिका संपते. मैत्रीण मेकअपसकट धावत येते आणि विचारते, कशी झाली? तुम्ही म्हणता, भारी! खरं तर अर्ध्यावरच तुम्ही मोबाइल काढलेला असतो.

हल्ली एखाद्या फटकळ नाट्यसमीक्षकाला प्रेक्षकांपुढे, कॅमेऱ्यासमोर बोलतं करतात. असा व्हिडिओ आपण चवीने बघतो. आपल्यावर वेळ आली की मात्र 'भारी'च! मीही त्यातलीच. म्हणून तुम्हाला श्रीपाद कृष्ण कोल्हटकरांबद्दल सांगायचंय. त्यांचं महाराष्ट्रगीत तुम्ही ऐकलेलं असणारच.

1893 साली 'विविधज्ञानविस्तार' मासिकात त्यांनी 'विक्रम-शशिकला' या नाटकाचं परीक्षण लिहिलं. जन्म 1871चा, म्हणजे तेव्हा वय माझ्याएवढंच. स्वतःचं एकही नाटक अजून रंगभूमीवर आलेलं नव्हतं. अशा माणसाला आपण काय ऐकवतो, माहितीये ना? आधी स्वतः लिहून दाखव!

त्यांनी दाखवलं. 1896 मध्ये किर्लोस्कर मंडळीने त्यांचं 'वीरतनय' रंगभूमीवर आणलं. गाण्यांना पारशी रंगभूमीच्या वळणाच्या चाली, आणि गोष्ट पुराणातली नाही. पुढे 'मूकनायक'मध्ये दारूचा प्रश्न आला, 'मतिविकार'मध्ये विधवाविवाहाचा. पोटापाण्यासाठी वकिली, तीही पुण्या-मुंबईत नाही. अकोला, खामगाव आणि जळगाव-जामोदला. (जळगाव वाचून माझी कॉलर ताठ झाली होती. पण हे बुलढाणा जिल्ह्यातलं, आपलं नव्हे.)

आता त्यांचंही परीक्षण करायला हवं, नाहीतर आपण पुन्हा 'भारी'वर येऊ. त्यांची कथानकं गुंतागुंतीची, संवादांत कोट्यांचा मारा. आज ही नाटकं कुणी फारशी करत नाही. त्यांना गुरू मानणाऱ्या राम गणेश गडकऱ्यांनी दारूवरच 'एकच प्याला' लिहिलं, आणि लोकांच्या लक्षात राहिलं ते शिष्याचं नाटक. कोल्हटकरांचं टिकलं ते 'सुदाम्याचे पोहे'. सुदामा, बंडूनाना आणि पांडूतात्या या तिघांना पुढे करून त्यांनी जुन्या रूढींची यथेच्छ टर उडवली. वाचलं नसेल तर लायब्ररीत शोधा, सुरुवातीला भाषा जड वाटेल, मग हसू आवरणार नाही.

1927च्या पुण्याच्या साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. 1934 मध्ये गेले.

मागच्या महिन्यात धुळ्याला मैत्रिणीची एकांकिका बघून एसटीने जळगावला परतताना तिचा मेसेज आला होता. मी अंगठा पाठवून मोकळी झाले. शेवट कळलाच नाही, हे तिला अजून सांगितलेलं नाही. ती हे पान दर आठवड्याला वाचते.