विश्वेश्वरय्यांचे दरवाजे लक्षात राहिले, पण त्यांनी उसाला घातलेली मर्यादा?

दरवर्षी १५ सप्टेंबरला, म्हणजे अभियंता दिनाला, मोक्षगुंडम विश्वेश्वरय्यांचे फोटो सगळीकडे दिसतात. म्हैसूरचे दिवाण, कृष्णराजसागर धरण, १९५५ चं भारतरत्न, एवढं बहुतेकांना माहीत असतं. पण पाण्याचं गणित ते शिकले महाराष्ट्रात.

१८६१ साली म्हैसूर संस्थानातल्या मुद्देनहळ्ळीत त्यांचा जन्म झाला. वडील लवकर गेले. शिकवण्या घेत त्यांनी बंगळुरूत पदवी मिळवली आणि पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्समधून १८८३ मध्ये ते इंजिनिअर झाले. मग मुंबई इलाख्याच्या बांधकाम खात्यात नोकरी लागली.

पुण्याजवळच्या खडकवासला धरणातून शहराला आणि शेतीला पाणी जायचं. पण पावसाळ्यात जादा पाणी सांडव्यावरून वाहून जाई आणि उन्हाळ्यात टंचाई जाणवे. विश्वेश्वरय्यांनी भिंत न वाढवता सांडव्यावर स्वयंचलित दरवाजे बसवले. पाणी ठरावीक पातळीच्या वर गेलं की ते आपोआप उघडत, पूर ओसरला की बंद होत. १९०३ मध्ये बसवलेल्या या दरवाजांमुळे त्याच धरणात जास्त पाणी साठू लागलं.

साठा वाढला, पण ते पाणी कुणाला आणि किती द्यायचं?

हा प्रश्न नीरा कालव्यावर जास्त बोचत होता. कालव्याजवळचे शेतकरी उसाला भरमसाट पाणी घेत, टोकाच्या गावांपर्यंत ते पोचत नसे. जास्त पाण्याने जमिनीही खराब होत. यावर विश्वेश्वरय्यांनी ब्लॉक पद्धत सुचवली. शेतजमिनीचे ठरावीक गट पाडायचे, गटाच्या काही भागातच ऊस घ्यायचा, उरलेल्या भागात कमी पाण्याची पिकं घ्यायची आणि दरवर्षी फेरपालट करायची. म्हणजे तेच पाणी अनेक गावांना पुरेल. सुरुवातीला शेतकऱ्यांनी विरोध केला. हळूहळू पद्धत रुजली.

पुढे १९०८ च्या मुसी नदीच्या महापुरानंतर ते हैदराबादला गेले आणि तिथून म्हैसूरला. १९६२ मध्ये, वयाची शंभरी पार केल्यावर, त्यांचं निधन झालं.

आज खडकवासल्यासोबत पानशेत, वरसगाव आणि टेमघर ही धरणंही आहेत. तरी उन्हाळा आला की पुणे शहर विरुद्ध दौंड-इंदापूरची शेती हा वाद ठरलेला. राज्यात थोड्याशा क्षेत्रावरचा ऊस सिंचनाच्या पाण्याचा मोठा वाटा घेतो. विश्वेश्वरय्यांचं अर्धं काम, म्हणजे पाणी साठवणं, आपण पुढे नेलं. वाटपाची शिस्त मात्र मागेच राहिली.