बंद पोथ्यांची किल्ली

उभा जन्म बँकेत किल्ल्या सांभाळण्यात गेला म्हणून असेल, पण मला इतिहासाचार्य वि. का. राजवाडे आठवतात ते किल्ली शोधणारा माणूस म्हणूनच. १८६३ साली जन्मलेल्या या गृहस्थांनी तरुणपणी पत्नी गेल्यावर पुन्हा संसार थाटला नाही. गावोगावची दप्तरं धुंडाळली आणि १८९८पासून मराठ्यांच्या इतिहासाच्या साधनांचे २२ खंड काढले.

मृत समुद्राकाठच्या गुहांत १९४७पासून प्राचीन ज्यू पंथाच्या पोथ्या सापडत गेल्या. त्यांतल्या काही सांकेतिक लिपीत होत्या. आपल्याकडच्या महानुभावांच्या पोथ्यांची गतही तीच. अक्षरांची अदलाबदल केलेल्या सकळ लिपीत त्या शतकानुशतकं मठांत बंद राहिल्या. वाचता येईनात, तेव्हा लोक पंथाविषयी नाही नाही ते बोलले.

१९१०च्या सुमारास राजवाड्यांनी ती लिपी उलगडली. पुढे ‘लीळाचरित्रा’तलं तेराव्या शतकातलं गद्य सर्वांसमोर आलं. इथं डोंगरकड्यात बसून ते वाचताना मला गोदाकाठच्या वाटा ओळखीच्या वाटतात.

३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यात राजवाडे गेले. मागे राहिले कागदच. शेजाऱ्याची पोथी न वाचताच त्याच्याविषयी बोलायची आपली खोड मात्र अजून गेलेली नाही.